उणे चाळीसमध्ये जगणाऱ्या नेनेट्सना पावसाची भीती का वाटते?

यामाल हे नाव गेल्या दहा-बारा वर्षांत आपल्या कानावर आलं ते दोन कारणांनी. २०१४ च्या उन्हाळ्यात सायबेरियाच्या त्या टोकाला जमिनीत पडलेल्या एका प्रचंड विवराचे व्हिडिओ मोबाइलवरून फिरले. उल्का पडली, परग्रहावरून कुणी आलं, असं वाट्टेल ते त्याखाली लिहिलेलं असायचं. गोठलेल्या जमिनीत कोंडलेला मिथेन वायू जोराने बाहेर पडला, असं शास्त्रज्ञ सांगत होते, पण ते फारसं कुणी पुढे पाठवलं नाही. दुसरं कारण गॅस. युक्रेनचं युद्ध सुरू झाल्यापासून रशियाच्या गॅसबद्दल जेवढ्या बातम्या आल्या, त्यांतल्या बऱ्याच बातम्यांच्या मुळाशी यामाल आहे, कारण रशियाचे फार मोठे गॅससाठे याच द्वीपकल्पाखाली आहेत.

या दोन्ही बातम्यांच्या फोटोंत बर्फ असतो, पाइप असतात, यंत्रं असतात. माणूस दिसत नाही. पाहणाऱ्याला वाटतं, ओसाड जागा आहे, तिथे काय कुणाचं बिघडणार? पण नेनेट्स लोक पिढ्यान्‌पिढ्या याच जमिनीवर रेनडिअरचे कळप घेऊन फिरत आले आहेत आणि आजही फिरतात. उणे चाळीस अंशांत ते तंबूत राहतात. तरीही अलीकडच्या काळात त्यांचं सगळ्यात मोठं नुकसान केलं ते एका दिवसाच्या पावसाने. हे कसं झालं ते कळायला आधी त्यांचं वर्ष कसं सरतं ते पाहावं लागेल.

नेनेट्स कोण, यामाल कुठे?

शाळेच्या भूगोलात टुंड्रा आला की इग्लू यायचा. पण हिमाच्या विटांचं ते घर कॅनडा आणि ग्रीनलँडकडच्या इन्युइटांचं. नेनेट्स रशियातले. त्यांची भाषा फिनिश आणि हंगेरियन भाषांची लांबची नातलग. एकूण लोकसंख्या पन्नास हजारांच्या आत, आणि त्यातले दहा हजारांहून जास्त लोक अजून भटकं जीवन जगतात.

नकाशावर उरल पर्वताची रांग उत्तरेला जिथे संपते, तिथून थोडं पूर्वेला सरका. सुमारे सातशे किलोमीटर लांबीचं एक द्वीपकल्प आर्क्टिक महासागरात घुसलेलं दिसेल. पश्चिमेला कारा समुद्र, पूर्वेला ओब नदीचं आखातासारखं रुंद मुख. या प्रदेशाची राजधानी सालेखार्द, थेट आर्क्टिक वृत्तावर वसलेली.

टुंड्रा म्हणजे उन्हाळा इतका आखूड की झाडं वाढूच शकत नाहीत, असा उघडा प्रदेश. त्याच्या पोटात पर्माफ्रॉस्ट असतो, म्हणजे वर्षानुवर्षं न वितळणारी गोठलेली जमीन. उन्हाळ्यात फक्त वरचा थर सुटतो. पाणी खाली मुरत नाही, म्हणून जिकडेतिकडे दलदल, तळी आणि डास. ते डास लक्षात ठेवा. नेनेट्सांच्या सगळ्या प्रवासात थंडीइतकाच त्यांचाही हात आहे.

भटकंती की ठरलेली वाट?

'भटके' म्हटलं की वाटेल तिकडे जाणारे लोक डोळ्यांपुढे येतात. तसं नाही. आपल्याकडचे मेंढपाळ धनगर दिवाळीनंतर देशावरून कोकणात उतरतात आणि पावसाआधी घाट चढून परत येतात. वाट ठरलेली, मुक्काम ठरलेले, कुठे कधी चारा असतो ते पक्कं ठाऊक. नेनेट्सांचंही तसंच आहे. फक्त कोकणाच्या जागी आर्क्टिकचा किनारा आहे.

हिवाळा ते दक्षिणेला, जिथे विरळ झाडी सुरू होते तिथे काढतात. वाऱ्याला आडोसा मिळतो, सरपण मिळतं आणि बर्फाखाली चारा असतो. वसंत लागला की कळप उत्तरेकडे निघतो. ओबचं मुख गोठलेलं असतानाच ते ओलांडायचं असतं. काही कुटुंबांना सुमारे पन्नास किलोमीटर निव्वळ बर्फावरून चालावं लागतं. मे महिन्यात पाडसं जन्माला येतात, त्याआधी माद्या पलीकडे पोचायलाच हव्यात. उशीर झाला की बर्फ फुटतो.

उन्हाळ्यात समुद्रकिनाऱ्याजवळ जायचं ते वाऱ्यासाठी. दक्षिणेत राहिलं तर डास आणि गोमाश्या जनावरांना चरू देत नाहीत. रेनडिअर एकमेकांना चिकटून उभे राहतात, नाहीतर उधळतात, आणि जे दोन-अडीच महिने अंगावर चरबी धरायची तेच वाया जातात. किनाऱ्यावर थंड वारा असतो, कोवळं गवत आणि खुरट्या विलोची पानं असतात. शरद ऋतू आला की पुन्हा दक्षिण. वर्षाकाठी काही कुटुंबांची चाल हजार किलोमीटरच्या पुढे जाते.

बर्फाखालचं दगडफूल

हिवाळ्यात रेनडिअर काय खातो, यात सगळ्या गोष्टीचा गाभा आहे. तो लायकेन खातो. गोड्या मसाल्यात आपण जे दगडफूल घालतो, तेही एक लायकेनच. बुरशी आणि शेवाळ एकत्र राहून बनलेली ही वनस्पतीसारखी गोष्ट. टुंड्रात तिच्या फिकट गाद्याच्या गाद्या पसरलेल्या असतात.

रेनडिअरला मऊ हिमाखालच्या लायकेनचा वास येतो. तो पुढच्या खुरांनी हिम उकरतो, तोंड खाली घालतो आणि चरतो. गुडघाभर हिम असलं तरी त्याचं भागतं. हिम मऊ असेपर्यंत काहीच अडत नाही.

पण लायकेन वाढतं फार सावकाश, वर्षाला काही मिलिमीटर. एखादा माळ खाऊन आणि तुडवून साफ झाला तर तो भरून यायला दशकं जातात. म्हणून एका जागी रेंगाळून चालत नाही. कळपाने आज इथे चरायचं आणि पुढे सरकायचं. ज्याला आपण 'अस्थिर आयुष्य' म्हणतो, ते खरं तर या जमिनीवर टिकण्याचा एकमेव हिशोब आहे, आणि तो बसवायला पिढ्या गेल्या आहेत.

तासाभरात उभं राहणारं घर

त्यांच्या तंबूला चूम म्हणतात. तीसेक लांब खांब वर एकत्र टेकवलेले, त्यांवर रेनडिअरच्या कातड्यांचं दुहेरी आच्छादन. चूम हे बाईचं राज्य. उभारायची तिने, उतरवायची तिने, आत कुठली वस्तू कुठे ठेवायची ते ठरवायचं तिने.

मुक्कामाची जागा आली की आधी शेगडीची जागा ठरते. तिथे लोखंडी पत्रा आणि शेगडी ठेवतात, दोन्ही बाजूंना जमिनीवर फळ्या अंथरतात, मग खांब उभे राहतात आणि शेवटी जड कातडी वर ओढतात. म्हणजे घर आतून बाहेर बांधलं जातं. बाहेर वारा सुटलेला असतो, बोटं आखडलेली असतात, आणि तरी सरावलेल्या हातांना हे सगळं करायला तासभर पुरतो. प्रत्येक वस्तूची घसरगाडी ठरलेली असल्यामुळेच हे जमतं. खांबांची वेगळी, फळ्यांची वेगळी, कपड्यांची वेगळी. देवांच्या मूर्तींचीही एक गाडी असते. ती चूमच्या मागे उभी करतात, आणि शेगडीपासून त्या गाडीपर्यंतची रेघ बाईने ओलांडायची नाही, असा दंडक आहे. अशा गाड्या एकामागे एक बांधून निघालेल्या ताफ्याला आर्गिश म्हणतात.

पुरुषांचा अंगरखा, मालित्सा, डोक्यावरून घालतात. त्याची केसाळ बाजू आत, अंगाला लागून असते. टोपी आणि हातमोजे अंगरख्यालाच शिवलेले, म्हणजे मनगटापाशी किंवा मानेपाशी वारा शिरायला फटच राहत नाही. थंडी फारच वाढली तर त्यावर आणखी एक, केस बाहेर असलेला. रेनडिअरचा केस आतून पोकळ असतो आणि त्यात हवा अडकून राहते, म्हणून ही ऊब. शिवणीचा दोराही त्याच प्राण्याच्या स्नायूबंधाचा. मला या कपड्याचं फार आश्चर्य वाटतं. त्यात एकही गोष्ट शोभेपुरती नाही, आणि तरीही बायका त्यावर नक्षी काढतात.

नुसत्या मांसावर माणूस जगतो कसा?

हा प्रश्न आपल्याकडे हटकून येतो. भाजी नाही, फळ नाही, मग स्कर्व्ही कसा होत नाही? क जीवनसत्त्वाच्या अभावाने हिरड्यांतून रक्त येण्याचा हा आजार जुन्या दर्यावर्दींचा काळ होता. त्याचं उत्तर कच्च्या खाण्यात आहे. ताज्या मांसात, विशेषतः यकृतात, थोडं क जीवनसत्त्व असतं आणि ते शिजवल्यावर बरंचसं नष्ट होतं. नेनेट्स जनावर कापलं की त्याचं काही मांस तिथेच कच्चं, गरम रक्तात बुडवून खातात. मासा गोठलेला असतानाच त्याचे पातळ काप काढून खातात. बाहेरच्याला हे दृश्य झेपत नाही, पण शरीराची गरज त्यातूनच भागते. सोबत पाव, साखर आणि पेल्यांमागून पेले चहा असतोच. ते सामान गावातून येतं.

आणि मग पाऊस पडला

८ आणि ९ नोव्हेंबर २०१३ ला दक्षिण यामालवर पाऊस पडला. नोव्हेंबरात तिथे हिम पडायचं असतं. पाणी हिमात मुरलं आणि लगेच कडाक्याची थंडी पडली. हिमावर बर्फाचं कवच तयार झालं, आणि ते वसंत येईपर्यंत वितळलं नाही.

खाली चारा होता, वर जनावर होतं, मध्ये काचेसारखा टणक थर. खूर तो फोडू शकत नव्हता. वासही वर येत नव्हता. त्या हिवाळ्यात यामालवरच्या सुमारे २,७५,००० रेनडिअरपैकी ६१,००० उपासमारीने मेले. याआधी २००६ च्या नोव्हेंबरातही असाच पाऊस झाला होता, तेव्हा सुमारे २०,००० गेले होते.

आकडा मोठा आहेच, पण त्यामागचं दुसरं नुकसान जास्त खोल आहे. ज्या कुटुंबांचे गाडी ओढणारे रेनडिअर मेले, त्यांना जागचं हलता येईना. चालणं हाच ज्यांचा चरितार्थ, ते एका ठिकाणी अडकले आणि मासे धरून दिवस काढू लागले. नातेवाइकांनी जनावरं उसनी दिली. कळप पुन्हा उभा राहायला काही वर्षं जातात.

हिवाळ्यात पाऊस का? बॅरेंट्स आणि कारा समुद्रांवर शरद ऋतूत पूर्वी जितका बर्फ धरायचा तितका आता धरत नाही. उघड्या पाण्याची वाफ होते, दमट आणि उबदार हवा जमिनीकडे येते. समुद्रावरची वाफ जमिनीवर येऊन बरसते, हे मान्सूनच्या देशात वेगळं समजावायला नको. संशोधकांनी या दोन्ही वर्षांच्या पावसाचा संबंध समुद्रावरच्या कमी बर्फाशी जोडला आहे.

"तापमान वाढलं तर त्यांना बरंच की!"

असं वाटणं स्वाभाविक आहे. पण नेनेट्सांचं सगळं गणित पक्क्या थंडीवर बसलेलं आहे. कोरडी, सलग थंडी त्यांना सोयीची असते. नदी गोठते आणि तिचा रस्ता होतो. हिम मऊ राहतं. ओब उशिरा गोठली तर कळप काठावर थांबून राहतो आणि तिथला चारा संपत जातो.

उष्णतेचा आणखी एक तडाखा २०१६ च्या उन्हाळ्यात बसला. यामालमध्ये पारा ३५ अंशांच्या आसपास गेला, आणि काळपुळीची साथ उसळली. आपले शेतकरी जनावरांच्या या रोगाला फाशी म्हणतात, बातम्यांत अँथ्रॅक्स. त्याच्या जंतूंचे बीजाणू जमिनीत अनेक दशकं जिवंत राहतात. तिथे याआधीची साथ १९४१ ची होती. वितळलेल्या जमिनीतून जुने बीजाणू वर आले असावेत, असं मानलं जातं. दोन हजारांहून जास्त रेनडिअर मेले, बारा वर्षांचा एक मुलगा दगावला. इथे सगळा दोष हवामानावर ढकलणं मात्र खोटं ठरेल. रेनडिअरना या रोगाची लस टोचणं प्रशासनाने २००७ मध्ये थांबवलं होतं. ती चालू असती तर साथ एवढी पसरली नसती.

वाटेत आलेला रूळ

बोवानेन्कोवो हा यामालवरचा महाकाय गॅससाठा १९७१ मध्ये सापडला. तिथून उत्पादन सुरू झालं २०१२ मध्ये. त्यासाठी ५७२ किलोमीटरचा लोहमार्ग बांधला गेला. ईशान्य किनाऱ्यावर साबेत्ता इथे गॅस थंड करून द्रवरूपात जहाजांत भरतात. पहिलं जहाज डिसेंबर २०१७ मध्ये निघालं.

एकूण जमिनीच्या मानाने कारखान्यांनी व्यापलेली जागा कमी आहे, असं त्यावर सांगितलं जातं. क्षेत्रफळ मोजलं तर ते खरंही आहे. पण कळपाची वाट ही रेघ असते, आणि रेघ तोडायला एक आडवी रेघ पुरते. पाइपलाइन, खडीचा रस्ता, रूळ हे सगळं उत्तर-दक्षिण चालीला आडवं येतं. लाकडी धावांची गाडी खडीवर घसरत नाही, म्हणून ओलांडायच्या जागी रस्त्यावर कापड अंथरतात आणि सगळा आर्गिश त्यावरून ओढत नेतात. वाहतूक तेवढ्यापुरती थांबते. टाकून दिलेल्या लोखंडाने आणि काचांनी जनावरांचे खूर कापतात. ज्या तळ्यांचे मासे पिढ्यान्‌पिढ्या खाल्ले, तिथे आता कामगारही जाळी टाकतात.

नेनेट्सांचा गॅसला सरसकट विरोध आहे, असंही नाही. कंपन्यांकडून मदत मिळते, मांस-मासळीला गिऱ्हाईक मिळतं, आजारी माणसाला दवाखान्यात न्यायला हेलिकॉप्टर मिळतं. संशोधकांशी बोलताना मेंढपाळांसारखं चराईवर जगणारे हे लोक पुन्हा पुन्हा एकच सांगतात: आम्हाला विचारा, आणि वाट मोकळी ठेवा. जमीन सरकारच्या मालकीची असल्यामुळे त्यांचं म्हणणं ऐकलं जाईलच याची खात्री नसते.

"कळपच फार मोठे झालेत, दोष त्यांचाच"

या आक्षेपात तथ्य आहे. साथीच्या वेळी त्या प्रशासकीय प्रदेशात सात लाखांच्या आसपास रेनडिअर होते. जगात पाळीव रेनडिअर इतके कुठेच एकत्र नाहीत. काही चराऊ माळ खरोखर झिजले आहेत. साथीनंतर अडीच लाख जनावरं कमी करायचा विचारही मांडला गेला.

पण कळप मोठा का ठेवतात, तेही पाहायला हवं. आठ-दहा वर्षांत एकदा पाऊस गोठून पाव कळप मरणार असेल, तर शंभर जनावरं असलेलं कुटुंब पार बुडतं, मोठा कळप असलेलं तगतं. बँकेत पैसा नसलेल्या माणसाची ती शिल्लक असते. शिवाय चराईचे माळ घटले आहेत, त्यामुळे उरलेल्या माळांवर भार वाढतो. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत, आणि नुसतं 'जनावरं कमी करा' म्हणणारा त्यातली एकच पाहतो.

"घरं द्या, शाळा द्या, प्रश्न मिटेल"

हा प्रयोग सोव्हिएत सत्तेने करून पाहिला आहे. १९३० च्या दशकात कळप सामुदायिक शेतीत घ्यायला सुरुवात झाली. १९३४ आणि १९४३ मध्ये यामालच्या नेनेट्सांनी उठाव केले, ते मोडून काढले गेले. मुलांना निवासी शाळांत नेलं. आजही मुलं शाळेसाठी महिनोन्‌महिने आईबापांपासून दूर असतात, आणि अनेक वेळा त्यांना आणायला हेलिकॉप्टर येतं. त्यातून शिक्षण मिळालं, हे खरं. भाषा आणि हातातली कला मागे पडली, हेही खरं.

सोव्हिएत संघ कोसळल्यावर काय झालं, ते यापेक्षा बोलकं आहे. अतिपूर्वेच्या चुकोट्का प्रदेशात कळप बहुतांशी सरकारी होते. १९९० च्या दशकात पगार थांबले आणि तिथले रेनडिअर जवळपास पाच लाखांवरून एक लाखाच्या आसपास उतरले. यामालमध्ये कुटुंबांनी स्वतःची जनावरं टिकवून ठेवली होती. तिथे कळप वाढले. सरकार नसतानाही ज्यांना काय करायचं ते माहीत होतं, ते तरले. आज त्यांच्याकडे स्नोमोबाइल आहे, जनरेटर आहे, तरुणांच्या खिशात फोन आहे. त्यामुळे परंपरा संपली असं मानणाऱ्यांनी एवढंच पाहावं की स्नोमोबाइलला पेट्रोल गावातून आणावं लागतं, आणि गाडी ओढणाऱ्या रेनडिअरला फक्त चारा लागतो. म्हणून ते दोन्ही ठेवतात.

मग करता काय येईल?

पाऊस थांबवणं कुणाच्या हातात नाही. पण नुकसान कमी करण्याच्या काही ठोस गोष्टी समोर आहेत. पहिली म्हणजे बर्फाचं कवच कुठे धरलं आणि कुठे नाही, ही माहिती वेळेवर मिळणं. जनावरांच्या अंगात बळ असेपर्यंतच कळप दुसरीकडे हलवता येतो. दुसरी, असा जास्तीचा चराऊ प्रदेश मोकळा ठेवणं, नाहीतर माहिती मिळूनही जायचं कुठे? तिसरी, फिरते कत्तलखाने. उपाशी कळप शंभर-दोनशे किलोमीटर चालत गावातल्या कत्तलखान्यापर्यंत पोचत नाही, वाटेतच मरतो. कत्तलखानाच टुंड्रात आला तर जी जनावरं वाचणारच नाहीत त्यांचं मांस निदान विकता येतं, कुटुंबाच्या हाती पैसा राहतो, आणि जो काही चारा उघडा आहे तो गाभण माद्यांना आणि गाडीच्या जनावरांना पुरतो.